आस्टा नील्सनची ओळख एका नाचापुरती नको

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत मूकपटांच्या काळातील अभिनेत्रींविषयी आलेले टिपण मी आवडीने वाचले. आस्टा नील्सन हे नाव मराठी वृत्तपत्रात छापलेले पाहण्याचा योग फार वर्षांनी आला आणि त्याबद्दल टिपणाच्या लेखकाचे मी मनापासून आभार मानते. मात्र तिच्या वाट्याला जी चार वाक्ये आली आहेत, त्यांतून वाचकाची समजूत अशी होते की डेन्मार्कमधली ही नटी एका धीट नाचामुळे गाजली, आपल्या देशाच्या चित्रपटात तारका म्हणून वावरली आणि बोलपट आल्यावर आवाजामुळे मागे पडली. यांतील पहिले विधान अर्धे खरे आहे, दुसरे जवळजवळ उलटे आहे आणि तिसरे तारखांशी जुळत नाही. जिने कॅमेऱ्यासमोर अभिनय कसा करायचा हे अगदी आरंभीच्या काळात स्वतः शोधून काढले, तिची कारकीर्द अशा रीतीने आटोपली जाऊ नये म्हणून हे पत्र लिहीत आहे. पत्र लांबले आहे याची मला कल्पना आहे. तरीही ते सबंध छापावे, ही विनंती.

मी नौपाड्यात राहते. नोकरी सांभाळून तीसेक वर्षे हौशी रंगभूमीवर कामे केली, राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी केल्या आणि आता आम्ही दहा-बारा जण महिन्यातल्या एका रविवारी एकत्र बसून जुने चित्रपट पाहतो. डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने आपल्या देशातले जतन झालेले मूकपट मोठ्या प्रमाणावर डिजिटल करून सर्वांना पाहण्यासाठी खुले केले आहेत, त्यामुळे ज्या गोष्टी पूर्वी केवळ पुस्तकांतून वाचाव्या लागत, त्या आता ठाण्यात घरबसल्या दिसतात. या पत्रातला अभिनयाविषयीचा मजकूर पडद्यावर पुन्हा पुन्हा पाहून लिहिलेला आहे.

आस्टाचा जन्म ११ सप्टेंबर १८८१ रोजी कोपनहेगनच्या वेस्टरब्रो या कष्टकऱ्यांच्या वस्तीत झाला. ठाण्याच्या रंगायतनाला ज्यांचे नाव आहे, त्या राम गणेश गडकऱ्यांपेक्षा ती जेमतेम चार वर्षांनी मोठी, हे लक्षात घेतले म्हणजे तिचा काळ आपल्याला जवळचा वाटू लागतो. वडील लोहारकाम करत. ते काम कधी असे, कधी नसे. आई लोकांची धुणी धुवून घर चालवी. कामाच्या शोधात हे कुटुंब काही वर्षे समुद्रापलीकडे, स्वीडनमधल्या माल्मो शहरात राहिले. आस्टा चौदा वर्षांची असताना वडील वारले. अशा घरातली मुलगी अठराव्या वर्षी डेन्मार्कच्या रॉयल थिएटरच्या नाट्यशाळेत प्रवेश मिळवते, ही त्या काळी किती अवघड गोष्ट असेल हे मी निराळे सांगायला नको.

१९०१ मध्ये, शिक्षण चालू असतानाच, तिला मुलगी झाली. तिने मुलीचे नाव येस्टा ठेवले, लग्न केले नाही आणि मुलीच्या वडिलांचे नाव जन्मभर कोणालाही सांगितले नाही. आई आणि थोरली बहीण यांच्या आधाराने तिने मुलीला वाढवले आणि १९०२ मध्ये नाट्यशाळेचे शिक्षणही पूर्ण केले. तिच्या पडद्यावरच्या बायका समाजाने घालून दिलेल्या रेषेपलीकडे पाऊल टाकतात, तेव्हा त्यांच्या चेहऱ्यावर पश्चात्तापाचे ठरीव भाव का येत नाहीत, याचे उत्तर मला तरी तिच्या या आयुष्यात सापडते.

नाट्यशाळेनंतरची आठ वर्षे तिला फारसे यश मिळाले नाही. डाग्मार थिएटरमध्ये तिने कामे केली, फिरत्या नाटकमंडळीबरोबर नॉर्वे आणि स्वीडनचे दौरे केले आणि पुढे कोपनहेगनच्या ‘नवे नाट्यगृह’ अशाच अर्थाचे नाव असलेल्या संस्थेत ती दाखल झाली. तिथेही मोठ्या भूमिका तिच्याकडे आल्या नाहीत. अंगाने ती सडपातळ, चेहरा लांबट, आवाज खोल आणि सारख्या पातळीवर न राहणारा; त्या वेळच्या गोड, गुबगुबीत नायिकेच्या कल्पनेत ती बसत नव्हती. येथे थोडे स्वतःविषयी लिहिते. मलाही विशी-पंचविशीत जाड आवाजामुळे आईच्या, आजीच्या आणि विधवा आत्याच्या भूमिकाच मिळाल्या. एका संस्थेच्या दिग्दर्शकांनी तर माझी वाक्ये कमी करून मला प्रवेशभर नुसते दळायला बसवले होते. तेव्हा फार वाईट वाटले होते. पण वाक्ये नसताना प्रेक्षकांचे लक्ष धरून ठेवण्यासाठी पाठीच्या कण्यापासून बोटांपर्यंत सगळ्या शरीराला काम करावे लागते, हे मी त्या दळणाच्या प्रवेशात शिकले आणि म्हणूनच आस्टाने १९१० मध्ये काय साधले ते मला चटकन उमगले.

त्या वर्षी नेमके काय घडले ते समजण्यासाठी डॅनिश चित्रधंद्याची थोडी पार्श्वभूमी द्यावी लागेल. ओले ओल्सन यांनी १९०६ मध्ये नॉर्डिस्क ही कंपनी काढली आणि ध्रुवीय अस्वलाचे चिन्ह असलेले तिचे चित्रपट काही वर्षांतच जगभर जाऊ लागले. डेन्मार्क हा एवढासा देश, पण शब्दांची अडचण नसल्यामुळे त्याचा माल कुठेही खपत होता. तोपर्यंत चित्रपट बहुधा एका रिळाचा, दहा-पंधरा मिनिटांचा असे आणि तो कापडासारखा मीटरच्या भावाने विकला जाई. १९१० च्या सुमारास डॅनिश कंपन्यांनी त्याच्या दुप्पट-तिप्पट लांबीचे चित्रपट करून पाहिले आणि प्रेक्षक तेवढा वेळ खिळून बसतात हे सिद्ध झाले. लांबी वाढल्यावर पात्राच्या मनात होणारे बदल दाखवायला जागा मिळाली. जागा होती, पण ती भरून काढणारा नट किंवा नटी हवी होती.

आस्टाबरोबर रंगभूमीवर काम करणारे उर्बान गाद यांनी तिच्यासाठी मुद्दाम एक कथा लिहिली आणि स्वतःच दिग्दर्शन केले. कोपनहेगनमधल्या कोस्मोरामा चित्रगृहाचे चालक यालमार डेव्हिडसन यांनी त्यासाठी आठ हजार क्रोनर दिले, कॅमेरा आल्फ्रेड लिंड यांनी सांभाळला आणि ‘आफग्रुन्डेन’, म्हणजे ‘खोल दरी’, हा सुमारे सदतीस मिनिटांचा चित्रपट १२ सप्टेंबर १९१० रोजी त्याच कोस्मोरामात लागला. आस्टाने आदल्याच दिवशी एकोणतीस वर्षे पूर्ण केली होती. चित्रपटातील तिच्यासमोरचा नट पॉल रॉयमर्ट हा पुढे डॅनिश रंगभूमीवरचा फार मोठा नट म्हणून मान्यता पावला.

कथा साधी आहे. माग्दा ही पियानोची शिकवणी करणारी तरुणी. ट्राममध्ये तिची ओळख एका पाद्र्याच्या मुलाशी होते, तो तिला सुट्टीत आईवडिलांच्या घरी घेऊन जातो. त्या गावात सर्कस येते आणि सर्कशीतल्या एका पुरुषाच्या मागे माग्दा घर सोडून निघते. तो तिला फसवतो, ती दारिद्र्यात जाते, पोटासाठी त्याच्याबरोबर रंगमंचावर नाचते आणि शेवटी एका झटापटीत त्याचाच खून तिच्या हातून होतो. आपल्या टिपणात ज्याचा उल्लेख आहे तो नाच हा. दक्षिण अमेरिकेतल्या गुराख्याच्या वेषातल्या पुरुषाला ती दोराने बांधते आणि त्याच्या अंगाला अंग घासत त्याच्याभोवती फिरते. स्वीडनच्या सेन्सॉरने हा भाग कापला, आणि त्या एका गोष्टीमुळे शंभराहून अधिक वर्षे लोक याच नाचाविषयी बोलत आले आहेत.

पण तो नाच नीट पाहावा. गाद यांनी कॅमेरा प्रेक्षागृहात ठेवलेला नाही, तो रंगमंचावरच बाजूला ठेवला आहे, म्हणजे आपण हा नाच विंगेतून पाहतो. ज्यांनी विंगेत उभे राहून दुसऱ्याचा प्रवेश पाहिला आहे त्यांना हा फरक लगेच कळेल. प्रेक्षकांना जे दिसते ते वेगळे आणि विंगेतून दिसणारा दम, घाम आणि राग वेगळा. माग्दा प्रेक्षकांना रिझवण्यासाठी नाचत आहे आणि त्याच वेळी तिला फसवणाऱ्या माणसाला खरोखर बांधून घालत आहे. या दोन्ही गोष्टी एकाच शरीरात एका वेळी दिसतात. आमच्या गटातल्या एका ज्येष्ठ सदस्यांनी हा प्रसंग पाहून तमाशातल्या जुन्या फडांची आठवण काढली. शृंगाराच्या लावणीत स्त्रीचा संताप कसा डोकावतो, हे त्यांनी तरुणपणी पाहिले होते. अशा नाचाला केवळ धीट म्हणून सोडून दिल्याने त्यातला अभिनय दिसायचा राहतो.

माझ्या मते या चित्रपटातली आस्टाची खरी कामगिरी नाचात नाही, शेवटच्या दृश्यात आहे. खून झाल्यावर पोलीस माग्दाला बाहेर घेऊन येतात. त्या काळच्या कोणत्याही नटीने येथे केस विस्कटले असते, छाती पिटली असती, आकाशाकडे हात नेले असते. आस्टा यांतले काहीही करत नाही. हात लोंबत आहेत, चाल यंत्रासारखी आहे आणि डोळे उघडे असूनही कोणाकडे पाहत नाहीत. आम्ही हा चित्रपट पाहिला तेव्हा गटातले एक काका पेटीवर साथ करत होते. नाचाच्या वेळी त्यांनी जोरकस ठेका धरला होता. या दृश्याला मात्र त्यांनी भाता थांबवला आणि बोटे पट्ट्यांवरून उचलली. नंतर विचारल्यावर ते म्हणाले, “तिथे स्वर लावावासा वाटला नाही.” त्यांनी तिच्याविषयी एक ओळही वाचलेली नव्हती.

हे तिने केवळ अंतःप्रेरणेने केले, असे मी म्हणणार नाही. त्या वेळचा कॅमेरा स्थिर असे आणि बहुतेक वेळ पात्र नखशिखांत दिसेल एवढ्या अंतरावर असे. चेहरा जवळून दाखवण्याची पद्धत अजून रुळली नव्हती. रंगभूमीवरून आलेले नट म्हणून हातवारे वाढवत. आस्टाने उलट दिशा धरली. तिने हालचाली कमी केल्या, जी एखादी ठेवली ती उशिरा आणि सावकाश केली, आणि पाठमोरी उभी असतानाही खांद्यांतून बोलता येते हे दाखवले. आणखी एक तांत्रिक बाब येथे सांगण्याजोगी आहे. त्या काळच्या फिल्मला निळा रंग फार उजळ आणि लाल रंग काळपट दिसे, त्यामुळे निळ्या डोळ्यांच्या नटांची बुबुळे पडद्यावर पांढुरकी, निर्जीव दिसत. आस्टाचे मोठे काळेभोर डोळे मात्र त्याच फिल्मवर स्पष्ट उमटत आणि पांढऱ्या रंगवलेल्या चेहऱ्यावर दुरूनही त्यांची दिशा कळे. रंगभूमीने ज्या चेहऱ्याला नायिकेचा चेहरा मानले नव्हते, त्यालाच कॅमेऱ्याने आपलेसे केले, आणि जो आवाज आड येत होता त्याची तेथे गरजच नव्हती.

आता दुसऱ्या विधानाकडे येते. आस्टा डॅनिश होती यात शंका नाही, पण तिच्या सत्तरहून अधिक चित्रपटांपैकी डेन्मार्कमध्ये तयार झालेले फक्त चार आहेत : ‘आफग्रुन्डेन’, १९११ मधले ‘काळे स्वप्न’ आणि ‘नर्तकी’ या अर्थाच्या नावांचे दोन, आणि १९१९ मधला ‘प्रकाशाकडे’ या अर्थाच्या नावाचा एक. बाकीची सारी कारकीर्द जर्मनीत घडली. १९११ मध्ये पाउल डेव्हिडसन या जर्मन चित्रव्यावसायिकांनी तिच्याशी आणि गाद यांच्याशी करार केला. यापूर्वी चित्रपट मीटरवर विकला जात असे हे वर सांगितलेच आहे. आता एका भागात एकाच चित्रगृहाला प्रदर्शनाचा हक्क द्यायचा आणि आस्टाच्या चित्रपटांची वर्षभराची मालिकाच आगाऊ विकायची, अशी पद्धत सुरू झाली. प्रेक्षक कथेचे किंवा कंपनीचे नाव न पाहता नटीचे नाव पाहून तिकीट काढतात, हे त्या मालिकेने दाखवून दिले. आज आपण ज्याला स्टार म्हणतो ती कल्पना युरोपात रुजवणाऱ्या पहिल्या काही माणसांत तिची गणना करावी लागते, आणि या व्यवहारात ती बाहुलीसारखी बसलेली नव्हती. तिने आणि गाद यांनी मिळून तीसहून अधिक चित्रपट केले. १९१२ मध्ये त्यांनी लग्न केले. पुढे ते वेगळे झाले, तरी आस्टाचे काम थांबले नाही.

डेन्मार्कने तिला का जाऊ दिले, याचा मला अजूनही विषाद वाटतो. नॉर्डिस्कसारखी बलाढ्य कंपनी शहरातच होती आणि ‘नर्तकी’ त्या कंपनीनेच काढला होता. पण तिला हवी होती तेवढी साधने आणि मोकळीक देण्याची तयारी जर्मन बाजूने दाखवली, म्हणून ती तिकडे गेली. गुणी माणूस गावातून गेल्यावर त्याचा सत्कार करण्याची रीत आपल्याकडेही आहे, त्यामुळे यात मी केवळ डॅनिश लोकांना दोष देत नाही.

तिच्या भूमिकांचा आवाका पाहिला म्हणजे नाचाची ओळख किती अपुरी आहे हे आणखी स्पष्ट होते. १९१३ मध्ये तिने स्त्रियांच्या मताधिकारासाठी लढणाऱ्या तरुणीची भूमिका केली, त्यात तुरुंगात उपोषण करणाऱ्या स्त्रीला बळजबरीने अन्न घालण्याचा प्रसंग आहे. पुढच्याच वर्षी, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, वारशासाठी बारा वर्षांची असल्याचे सोंग घेणाऱ्या सतरा वर्षांच्या मुलीची विनोदी भूमिका तिने केली. गुडघ्यापर्यंतचा झगा घातलेली, हळूच सिगारेट ओढणारी ती खट्याळ मुलगी पाहताना हीच ‘आफग्रुन्डेन’मधली माग्दा आहे हे मनाला बजावून सांगावे लागते.

१९२० मध्ये तिने स्वतःची चित्रसंस्था काढली आणि पुढच्या वर्षी ‘हॅम्लेट’ पडद्यावर आणले. या चित्रपटाविषयी मला थोडे विस्ताराने लिहायचे आहे, कारण मराठी नाट्यरसिकाला तो आपला वाटेल असा आहे. फ्रेंच नटी सारा बर्नहार्ट यांनी रंगभूमीवर हॅम्लेटची पुरुषभूमिका त्यापूर्वीच केली होती. आस्टाने पुरुषाची भूमिका केली नाही. हॅम्लेट मुळात स्त्री होता असे मांडणारे एडवर्ड व्हाइनिंग या अमेरिकन अभ्यासकाचे पुस्तक १८८१ मध्ये आले होते. योगायोगाने तेच आस्टाचे जन्मवर्ष. त्या कल्पनेवर चित्रपट उभा केला आहे. राजा युद्धात पडल्याची अफवा येते, त्याच वेळी राणीला मुलगी होते आणि गादी जाऊ नये म्हणून ती मुलगा झाल्याचे जाहीर करते. ही मुलगी राजपुत्र म्हणून वाढते, मित्र होरेशिओ याच्यावर मनातून प्रेम करते आणि तिचे खरे रूप त्याला ती मेल्यावरच कळते. आस्टा येथे पुरुष झालेली नाही. पुरुषाचे सोंग जन्मभर वागवावे लागलेली स्त्री झाली आहे, आणि काळ्या घट्ट वेषातले तिचे प्रत्येक पाऊल ते ओझे दाखवते.

आगरकरांनी ‘हॅम्लेट’ १८८३ मध्ये ‘विकारविलसित’ या नावाने मराठीत आणले आणि गणपतराव जोशी यांनी ती भूमिका गाजवली, हे आपण अभिमानाने सांगतो. बालगंधर्वांनी स्त्रीरूप कोणत्या उंचीवर नेले हेही सर्वांना ठाऊक आहे. १९१३ मध्ये दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले ते अण्णा साळुंके, कारण पडद्यावर यायला एकही स्त्री तयार नव्हती. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांच्या कन्या कमलाबाई यांनी ते धाडस केले. कोपनहेगन आणि बर्लिनमध्ये आस्टा जो चेहरा घडवत होती, त्याच काळात आपल्या मुलखात एक आई आणि तिची अल्पवयीन मुलगी लोकनिंदेची पर्वा न करता कॅमेऱ्यासमोर उभ्या राहत होत्या. आस्टाचे बरेच चित्रपट नष्ट झाले, पण जे उरले ते पाहता येतात. ‘हॅम्लेट’ची रंग दिलेली जुनी प्रत २००५ मध्ये सापडली, ती दुरुस्त करून २००७ च्या बर्लिन महोत्सवात दाखवली गेली. ‘मोहिनी भस्मासुर’ मात्र आज पाहता येत नाही. दुर्गाबाईंनी कॅमेऱ्यासमोर मान कशी वळवली असेल, डोळे कुठे ठेवले असतील, हे मला आयुष्यात कधीही कळणार नाही, याची खंत आस्टाचा प्रत्येक चित्रपट पाहताना मनात येते.

१९२५ मध्ये दिग्दर्शक पाब्स्ट यांच्या व्हिएन्नातील महागाईवरच्या चित्रपटात आस्टा आणि तरुण ग्रेटा गार्बो एकत्र आल्या. पुढे गार्बोचे नाव जगभर झाले, निरनिराळ्या देशांत त्या चित्रपटाच्या कापलेल्या प्रती फिरल्या आणि त्यांत आस्टाच्या वाट्याचे बरेच प्रसंग गेले. तिची आठवण पुसट होण्याचे हेही एक कारण असावे. १९२७ मध्ये, पंचेचाळिशी उलटल्यावर, तिने ब्रूनो रान यांच्या चित्रपटात एका उतारवयाकडे झुकलेल्या वेश्येची भूमिका केली. वयाचा एकही दिवस न लपवता केलेले ते काम मी तिच्या सर्वोत्तम दोन-तीन भूमिकांत धरते.

आता तारखा पाहाव्यात. तिचे शेवटचे मूकपट १९२७ चे आहेत. जर्मनीत बोलपट आले ते १९२९ नंतर. म्हणजे तिचे चित्रपट थांबले तेव्हा तेथील पडदा अजून मुकाच होता. चित्रपटसृष्टी तरुण चेहऱ्यांकडे वळली होती आणि चाळिशी ओलांडलेल्या नटीसाठी कथा लिहिल्या जात नव्हत्या, हे त्यामागचे कारण मला अधिक पटते, आणि ते आजच्या अभिनेत्रींनाही पटेल. तिने या काळात पुन्हा रंगभूमीवर कामे केली, म्हणजे जाहीरपणे बोलण्याची तिला भीती नव्हती. १९३२ मध्ये तिचा एकमेव बोलपट आला. त्यात ती तयार नटीप्रमाणे बोलते, कारण बोलण्याचे शिक्षण तिने रॉयल थिएटरमध्येच घेतले होते. बोलपटाने तिला संपवले हे विधान यापुढे तरी कोणी करू नये.

नाझी सत्तेवर आल्यानंतर तिला पुन्हा चित्रपट करण्यासाठी वरच्या पातळीवरून गळ घालण्यात आली आणि तिने ती मान्य केली नाही, असे तिने आत्मचरित्रात लिहिले आहे. १९३० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धात ती डेन्मार्कला परतली. जर्मनीत अडकलेल्या ज्यूंना पैसे आणि अन्न पोहोचवण्याच्या कामात तिने मदत केली. व्हिक्टर क्लेम्परर हे विख्यात अभ्यासक त्या मदतीचा लाभ झालेल्यांपैकी एक होते. डॅनिश चित्रपटाने मात्र तिला पुन्हा एकही भूमिका दिली नाही. तिने दोन खंडांत आत्मचरित्र लिहिले, कापडाच्या तुकड्यांची चित्रे केली, १९६८ मध्ये स्वतःच्या कारकिर्दीवर स्वतःच एक लघुपट केला. मुलगी येस्टा १९६४ मध्ये गेली, ते दुःख तिने म्हातारपणी सोसले. अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी तिने पुन्हा लग्न केले आणि २५ मे १९७२ रोजी, नव्वदाव्या वर्षी, कोपनहेगनमध्ये तिचे निधन झाले.

आपणास माझी विनंती दोन गोष्टींची आहे. पुरवणीच्या एखाद्या पुढील अंकात आस्टा नील्सनवर स्वतंत्र लेख द्यावा आणि त्याच्या जोडीला दुर्गाबाई कामत व कमलाबाई गोखले यांच्यावरही द्यावा. या तिघींविषयी मी जमवलेली टिपणे मी आनंदाने आपल्याकडे पाठवीन. दुसरी गोष्ट ठाण्यातल्या नाट्य आणि चित्रपट मंडळांसाठी आहे. मूकपट हा मुका पाहण्यासाठी केलेलाच नसतो, त्याला वादकाची साथ लागते, आणि आपल्या शहरात पेटी, तबला आणि व्हायोलिन वाजवणाऱ्यांची उणीव नाही. रंगायतनात किंवा घाणेकर नाट्यगृहात वर्षातून एकदा तरी साथीसह मूकपट दाखवावा. पहिल्या वर्षी ‘आफग्रुन्डेन’ घ्यावा. चित्रपट जेमतेम पाऊण तासाचा असल्यामुळे त्यानंतर चर्चेलाही वेळ उरेल.

लेख छापाल तेव्हा त्याबरोबर नाचाचे छायाचित्र देऊ नये, एवढे आवर्जून सांगते. पोलीस तिला बाहेर घेऊन येतात त्या शेवटच्या दृश्यातले द्यावे.

आपली विश्वासू,
एक नियमित वाचक,
नौपाडा, ठाणे (पश्चिम)